एका माणसाचं माप

वैजूच्या जबड्यातल्या तारा काल काढल्या, बांबोळीला.
सहा आठवडे ती नळीने जेवली,
बोलायचं ते कॅलेंडरच्या पाठीवर लिहीत आली.
शेवटची ओळ ठसठशीत, खाली दोन रेघा:
पेज नको.

मी वीज खात्यात लाइनमन. तारांचं मला कळतं.
स्वयंपाकातलं म्हणाल तर चहा,
आणि ऑम्लेट, एका बाजूने.

म्हणून कुंपणापाशी गेलो, मिंगेल फुर्तादोंना विचारायला.
एकतीस वर्षं बोटीवर कुक,
आता सुजलेला पाय स्टुलावर ठेवून
साळ नदीतून परतणाऱ्या होड्या मोजतात.
बटाट्याचं लोण्यासारखं मऊ? म्हणाले, सोपं आहे.
चाळीस किलो घे.

मी म्हटलं, एकच माणूस आहे.

ते गप्प झाले. बोटांच्या पेरांवर हिशेब मांडला,
भागत भागत खाली आले:
दोनशे माणसं, पन्नास, दहा, चार,
आणि चारापाशी अडले.
एका माणसाचं माप मला नाही ठाऊक, म्हणाले.
तेवढी लहान बोट कधी मिळाली नाही.

तरी सांगितलं, कुंपणापलीकडून, मोठ्याने,
वादळात भटारखान्यात ओरडावं तसं.
बेळगावचे जुने बघ, मातकट. नवे चिकटतात.
पाणी थंड असतानाच सोड. मीठही तेव्हाच.
सुरी आरपार गेली की पाणी ओत
आणि कोरड्या टोपात परत चढव, वाफ जाऊ दे.
ओला बटाटा लोणी पीत नाही,
जेवून आलेल्या पाहुण्यासारखा.
आणि मिक्सर लावशील तर डिंक होईल,
मग त्याने पाकिटं चिकटव.

पोदेराचा भोंपू वाजला तेव्हा सुरी आरपार गेली.

आता चाळणीतून दाब, म्हणाले. बारीक आहे ना?
चाळण फाटलेली. मी स्टुलावर चढून
फळीच्या मागच्या कोपऱ्यात हात घातला
तर गार पितळ लागलं.
पुरणयंत्र.
सासूबाईंनी डिचोलीहून दिलेलं, दांड्याला दोरा तसाच.
वर्षातून एकदा, होळीला, खाली उतरतं;
चण्याची डाळ आणि गूळ, याखेरीज
कुणाशी ओळख नाही त्याची.

गरम बटाटा टाकला, दांडा फिरवला.
खाली शेवया पडू लागल्या, पांढऱ्या, वाफाळत्या.
परात उचलून कुंपणावरून दाखवली
तर मिंगेल उभेच राहिले, पाय विसरून.
हे कुठल्या बोटीवरचं?
आम्ही आयुष्यभर लाकडी दांड्याने ठेचत राहिलो,
आणि हे तुमच्या फळीवर!

आधी लोणी. मग दूध, कोमट, पळीपळीने,
चमचा कडेकडेने ओढत.
शेवटी जायफळ. किसणीवर दोनदा, तिसऱ्यांदा नाही.
मी म्हटलं, पुरणातही घालतो आम्ही.
हो का, म्हणाले, आणि बराच वेळ नदीकडे बघत राहिले.

वैजूचं तोंड एक बोट उघडतं.
मोठा चमचा मावेना, म्हणून औषधाचा घेतला.
तारा निघाल्या तरी ती अजून बोलली नव्हती;
जबडा पुन्हा निखळेल असं वाटत असावं.
घास जिभेवर ठेवून ती बसून राहिली,
डोळे उघडे, भिंतीवरच्या मीटरकडे.
दुसरा घास. तिसरा. वाटी अर्धी.
मग ओठ नीट जुळवून, एकेक शब्द सुटा करत म्हणाली,
पुरणयंत्र भिजत घाल.
वाळलं की निघत नाही.

मी धावत जाऊन बादलीत बुडवलं.
टोपात उरलं होतं ते वाटीत काढून
कुंपणावरून दिलं. मिंगेलनी चाखलं,
बरं की वाईट काहीच म्हणाले नाहीत. वाटी पुसून खाल्ली.
अंधार पडल्यावर त्यांचा आवाज आला:
किती घेतले होतेस?

पाच, मी म्हटलं.

पाच, ते म्हणाले,
आणि थोड्या वेळाने पुन्हा, हळू, स्वतःशीच,
पाच.